पडद्यावरची आपली माणसे

(पौड येथे मुळशी तालुक्यातील उपासक-उपासिका व विद्यार्थ्यांच्या मेळाव्यात केलेल्या भाषणाचा मजकूर)



मंडळाच्या कार्यकर्त्यांनी आम्हांला दिलेला विषय नेहमीचा नाही. वर्षावासात धम्मावर प्रवचने होतात, चौदा एप्रिलला बाबासाहेबांच्या कार्यावर भाषणे होतात. आज बोलायचे आहे ते जुन्या चित्रणातून पडद्यावर दिसणाऱ्या माणसांविषयी. हा विषय सिनेमावाल्यांचा आहे, त्याचा समाजाशी काय संबंध, असे काहींना वाटेल. आमच्या मते संबंध फार जवळचा आहे आणि तो आताच ओळखला नाही तर दहा वर्षांनी ओळखून उपयोग राहणार नाही.

पडद्यावर माणूस दोन प्रकारे दिसतो. एक म्हणजे नट. तो वेश करतो, दुसऱ्याचे सोंग घेतो, त्याबद्दल पैसे घेतो आणि पाटीवर त्याचे नाव येते. दुसरा प्रकार म्हणजे माणूस स्वतः. तो कधीतरी, कुठेतरी कॅमेऱ्यासमोरून गेला आणि त्याची प्रतिमा फितीवर उमटली. पुढे वीस, पन्नास, सत्तर वर्षांनी कुणीतरी ती फीत काढून आपल्या चित्रपटात जोडली. त्या माणसाला कुणी विचारलेले नसते. पुष्कळदा तो हयातही नसतो. याला संग्रहित चित्रण म्हणतात. अशा चित्रपटांच्या नामावलीत 'स्वतः, संग्रहित चित्रणातून' अशी नोंद कधी कधी असते. परंतु ती नोंद ज्यांचे नाव आधीच मोठे आहे त्यांची असते. गांधीजी असतात, नेहरू असतात, बाबासाहेब असतात. बाकीच्यांची नोंद 'जमाव' या एका शब्दात आटोपते. आपले आजोबा-पणजोबा बहुधा त्या एका शब्दात आहेत.

आपल्या महाराष्ट्रात हे काम फार लवकर सुरू झाले. हरिश्चंद्र सखाराम भाटवडेकर, ज्यांना सावेदादा म्हणत, त्यांनी 1901 च्या डिसेंबरात रँग्लर परांजपे विलायतेहून परत आले त्या वेळच्या स्वागताचे चित्रण केले. भारतीय माणसाने केलेले हे पहिले वार्ताचित्र समजले जाते. दादासाहेब फाळक्यांनी 1917 च्या सुमारास चित्रपट कसा तयार होतो हे दाखवणारी एक छोटी फिल्म केली. तिचा टिकलेला भाग पाहिला तर फाळके स्वतः काम करताना दिसतात. म्हणजे कॅमेरा होता, कॅमेरा चालवणारे होते. प्रश्न एवढाच की तो कुणाकडे वळत होता. ज्याच्या गळ्यात हार पडतो त्याच्याकडे कॅमेरा वळतो, हा साधा नियम तेव्हाही होता.

आता आपल्या मुळशी खोऱ्याकडे पाहा. 16 एप्रिल 1921 रोजी, रामनवमीच्या दिवशी, टाटांच्या धरणाविरुद्ध येथे सत्याग्रह सुरू झाला. पांडुरंग महादेव बापट 'सेनापती' झाले ते याच मुळशीच्या लढ्यामुळे. फाळक्यांचा 'राजा हरिश्चंद्र' त्याआधी आठ वर्षे, 1913 साली लागला होता. पण खोऱ्यातील ज्या गावांवर पाणी आले त्या गावांची, तिथल्या पांढरीची आणि गावकुसाबाहेरच्या वस्तीची आठवण आपल्यापर्यंत आली ती पुस्तकांतून आणि ऐकीव गोष्टींतून. भरपाई ज्याच्या नावावर जमीन त्याला. ज्याचे नाव सातबारावरही नाही आणि फितीवरही नाही, त्याने आपण तिथे राहत होतो हे कशावरून सांगायचे? येथील आज्या अमुक गाव आता पाण्याखाली आहे असे बोट करून सांगत, एवढाच काय तो पुरावा.

चवदार तळ्याचेही तसेच. 20 मार्च 1927 रोजी महाडला बाबासाहेबांनी ओंजळीत पाणी घेतले. ते दृश्य आपल्या प्रत्येकाच्या डोळ्यांसमोर आहे, पण ते चित्रकाराने रंगवलेले, शिल्पकाराने घडवलेले किंवा नटाने केलेले आहे. माता रमाई 1935 साली गेल्या. त्यांना आपण ओळखतो ते छायाचित्रावरून. त्या कशा चालत, बोलताना पदर कसा सावरत, हे आपल्याला फक्त ऐकून माहीत.

या पार्श्वभूमीवर 7 डिसेंबर 1956 चे चित्रण किती मोलाचे आहे, हे लक्षात येईल. बाबासाहेबांचे महापरिनिर्वाण 6 डिसेंबरला दिल्लीत 26, अलीपूर रोड या निवासस्थानी झाले. पार्थिव विमानाने मुंबईला आणले, दादरच्या हिंदू कॉलनीतील राजगृहात दर्शनासाठी ठेवले आणि दुसऱ्या दिवशी दादर चौपाटीवर, म्हणजे आजच्या चैत्यभूमीवर, बौद्ध पद्धतीने अंत्यसंस्कार झाले. ही अंत्ययात्रा चित्रित झाली पाहिजे असे नामदेव व्हटकर या माणसाला वाटले. व्हटकर हे दलित समाजातून आलेले लेखक आणि चित्रपटात धडपडणारे गृहस्थ. हाताशी पैसा नव्हता. त्यांनी कर्ज काढले, भाड्याने कॅमेरा मिळवला, फिल्म मिळवली आणि चित्रण करून घेतले. दुःखाने सगळे कोसळलेले असताना एका माणसाला कच्ची फिल्म कुठे मिळेल याची काळजी पडली होती. काहींना ते विचित्रही वाटले असेल. आम्हांला मात्र ते त्या दिवशीचे एक मोठे काम वाटते. आपण आज अंत्ययात्रेची जी हलती दृश्ये पाहतो ती बहुतांशी त्यांच्या त्या धडपडीमुळे.

मित्रहो, फिल्म म्हणजे काय हे आजच्या मुलांना समजावून सांगितले पाहिजे, कारण खिशातल्या मोबाईलवर तासभर चित्रण फुकट होते. पस्तीस मिलिमीटरची हजार फूट फिल्म सरासरी अकरा मिनिटांत संपते. सेकंदाला चोवीस चित्रे खर्ची पडतात. प्रत्येक फुटाला पैसे. फिल्म धुवायला पैसे, प्रत काढायला पैसे. त्यामुळे कर्ज काढून आलेला माणूस कॅमेरा उगाच सुरू ठेवत नाही. जे घ्यायचे ते मोजून घेतो. आणि तरीसुद्धा त्या चित्रणात गर्दी आहे. फुलांनी झाकलेला ट्रक आहे, पण ट्रकभोवतीची माणसेही आहेत. टोप्या, फेटे, डोईवरचे पदर, बापाच्या खांद्यावर बसलेली मुले. कॅमेरा त्यांच्यावरून सरकतो. एखादा चेहरा दोन सेकंद दिसतो, म्हणजे अठ्ठेचाळीस चित्रे. एका माणसाच्या वाट्याला अठ्ठेचाळीस चित्रे आणि नाव एकही नाही.

ही माणसे कोण होती? गिरणीत पाळी करणारी, गोदीत ओझी उचलणारी, रेल्वेत आणि म्युनिसिपालटीत राबणारी. आणि बाहेरगावांहून मिळेल त्या गाडीने आलेली. मावळ-मुळशीतून मुंबईला पोटासाठी गेलेली माणसे त्यांत होतीच. चौपाटीवर त्या दिवशी भदंत आनंद कौसल्यायन यांनी धम्मदीक्षा दिली आणि लाखाहून अधिक लोकांनी पार्थिवासमोर ती घेतली. नागपूरची दीक्षा 14 ऑक्टोबरची. तिला दोन महिनेही झाले नव्हते. मुंबईची दीक्षा व्हायची होती आणि बाबासाहेब ती द्यायला राहिले नव्हते. म्हणजे फितीत आपल्याला जी माणसे रडताना दिसतात त्यांतली कित्येक त्याच संध्याकाळी बौद्ध झाली. हे माहीत असले की चित्रण वेगळे दिसू लागते. नसले तर ती नुसती गर्दी.

आता एका दुसऱ्या माणसाची गोष्ट सांगतो. शाहीर विलास घोगरे. मुंबईत राहणारा कवी, गायक, डाव्या चळवळीतून गाणारा. आनंद पटवर्धन यांनी 1985 साली झोपडपट्टीवासीयांवर 'हमारा शहर' हा माहितीपट केला, त्यात घोगरे गाताना दिसतात. त्यावेळी ते चित्रण ताजे होते. 11 जुलै 1997 रोजी घाटकोपरच्या रमाबाई आंबेडकर नगरात बाबासाहेबांच्या पुतळ्याची विटंबना झाली, लोक रस्त्यावर आले आणि पोलिसांच्या गोळीबारात दहा जण मारले गेले. चार दिवसांनी, 15 जुलैला, विलास घोगरे यांनी गळफास घेऊन जीवन संपवले. पटवर्धनांनी त्यानंतर चौदा वर्षे चित्रण केले आणि 2011 साली 'जय भीम कॉम्रेड' पूर्ण केला. त्यात घोगरे पुन्हा गातात, ते जुन्या चित्रणातून. तोच माणूस, तोच आवाज. पण पहिल्या वेळी पाहणारा गाण्याचे शब्द ऐकत होता. दुसऱ्या वेळी पाहणारा त्या चेहऱ्यात काही शोधत बसतो. फितीत काहीच बदललेले नसते. बदल आपल्याकडे झालेला असतो, कारण पुढे काय झाले ते आपल्याला ठाऊक आहे आणि गाणाऱ्याला ठाऊक नाही.

याच घटनेतून चित्रणाची दुसरी बाजूही समजते. गोळीबाराचे समर्थन करताना गॅसचा टँकर पेटवला जात होता, असे सांगण्यात आले आणि त्यासाठी जळत्या टँकरची चित्रफीत पुढे करण्यात आली. पाहणाऱ्याला वाटणार, हे तर डोळ्यांनी दिसते आहे. 'जय भीम कॉम्रेड'मध्ये हाच पुरावा पुन्हा तपासला आहे. टँकर कुठे होता, माणसे कुठे पडली, आधी काय झाले, नंतर काय झाले. चित्रफीत खोटी नव्हती. तिच्या शेजारी बसवलेले वाक्य तपासण्यासारखे होते. पुढे न्यायमूर्ती गुंडेवार आयोगाने गोळीबार असमर्थनीय ठरवला आणि 2009 साली संबंधित पोलीस अधिकाऱ्याला न्यायालयाने शिक्षाही सुनावली.

आम्ही बँकेत काम करणारी माणसे. समोर आलेला चेक खरा दिसतो म्हणून पैसे देत नाही. तारीख पाहतो, सही नमुना सहीशी ताडून पाहतो, खाडाखोड आहे का पाहतो. मोबाईलवर आलेल्या जुन्या चित्रणाला आपण यांतले एकही लावत नाही. बाबासाहेबांचे म्हणून जे फिरते त्याचे साधारण तीन ढीग करता येतील. काही खरोखरीचे चित्रण आहे. 1953 ची बी.बी.सी.ची मुलाखत घ्या. त्यात बाबासाहेब स्वतः बोलताना दिसतात आणि भारतातील समाजरचना संसदीय लोकशाहीशी जुळत नाही असे स्पष्ट सांगतात. विद्यार्थ्यांनी ती जरूर पाहावी, इंग्रजी अवघड वाटले तरी दोनदा पाहावी. एका वाक्यानंतर दुसरे वाक्य ते किती शांतपणे ठेवतात, हे छापील ग्रंथात कळत नाही.

दुसरा ढीग नुसत्या आवाजाचा. 1955 ची मुलाखत, ज्यात ते गांधीजींविषयी परखड बोलले, ती आकाशवाणीसारखी ऐकण्याची मुलाखत होती, बी.बी.सी. रेडिओसाठी दिलेली. तिच्यावर कुणीतरी छायाचित्रे चिकटवून व्हिडिओ केला. आवाज खरा, चित्र दुसऱ्याच प्रसंगाचे. यात फसवणुकीचा हेतू असेलच असे नाही, पण पाहणारा मुलगा समजतो की हा फोटो त्या मुलाखतीतलाच आहे.

आणि तिसरा ढीग नाट्यीकरणाचा. डॉ. जब्बार पटेल यांचा 2000 सालचा 'डॉ. बाबासाहेब आंबेडकर' हा चित्रपट उत्तम आहे, मामुट्टी यांनी केलेल्या भूमिकेला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला, याबद्दल आम्हांला आदरच आहे. पण त्यातील तुकडे रंग काढून, ओरखडे घालून 'दुर्मिळ चित्रण' म्हणून पाठवले तर ते चेकवरील खाडाखोडीसारखेच झाले. आता तर यंत्राकरवी हवा तो चेहरा हवे ते बोलू लागला आहे. उद्या कुणी बाबासाहेबांच्या तोंडी त्यांनी कधीही न काढलेले शब्द घालील, आणि आपलीच मुले ते जय भीम लिहून पुढे पाठवतील. बाबासाहेबांनी स्वतःच्या प्रत्येक विधानाला आधार दिला. त्यांच्या नावावर बिनआधाराचे काही खपवणे आपल्या हातून होता कामा नये, याबाबतीत आम्ही थोडे कडक आहोत.

भगवंताचा धम्म 'एहिपस्सिक' आहे, या आणि पाहा असे सांगणारा आहे, हे आपण वंदनेत रोज म्हणतो. पण पाहा म्हणजे डोळे उघडे ठेवा, एवढाच त्याचा अर्थ नव्हे. कालामांना भगवंतांनी सांगितले ते हेच की ऐकीव आहे, परंपरेने आले आहे, सांगणारा मोठा आहे, एवढ्यावरून मानू नका. त्या काळी चित्रफीत नव्हती. असती तर तीही त्या यादीत बसली असती, असे आम्हांला वाटते.

जुनी फीत टिकवणे हाही एक मोठा उद्योग आहे आणि तो आपल्याच जिल्ह्यात चालतो, हे येथील मुलांना माहीत नसते. पुण्यात लॉ कॉलेज रस्त्यावर राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय 1964 साली सुरू झाले. पी. के. नायर यांनी आयुष्य घालून तेथे फिती गोळा केल्या. सरकारी वार्ताचित्रे 1948 पासून फिल्म्स डिव्हिजन काढत असे आणि ती प्रत्येक चित्रपटगृहात मुख्य खेळाआधी दाखवावीच लागत. ज्येष्ठांना ती आठवत असतील. पुढे या दोन्ही संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात विलीन झाल्या. फीत ही अनित्य वस्तू आहे. पूर्वीची नायट्रेटची फिल्म पेट घेई. 2003 च्या जानेवारीत पुण्यातच अशा फिल्मच्या साठ्याला आग लागली आणि जुन्या चित्रपटांच्या प्रती गेल्या. नंतरची फिल्म पेटत नाही, पण दमट हवेत सडते आणि डबा उघडला की शिरक्यासारखा आंबट वास येतो. तो वास आला की फार उशीर झालेला असतो. 'आलम आरा' हा पहिला बोलपट 1931 चा, त्याची आज एकही प्रत नाही. तेव्हा मुळशीतल्या घरोघरी माळ्यावर पडलेल्या लग्नाच्या, विहाराच्या उद्घाटनाच्या, जयंतीच्या मिरवणुकीच्या व्हिडिओ कॅसेटींचे काय झाले असेल याचा विचार करा. इथल्या पावसाने त्यांना बुरशी आलेली असणार. त्या कॅसेटींत आपल्या चळवळीतली किती गेलेली माणसे चालता-बोलता आहेत! लग्नाच्या कॅसेटीत नवरा-नवरीला कुणी आता पाहत नाही. मागे पंगतीत वाढणारा, गाथा म्हणणारा, कोपऱ्यात बसून हिशेब लिहिणारा कार्यकर्ता दिसतो, तो पाहण्यासारखा असतो.

आपल्या शेजारच्या मावळात कार्ल्याची लेणी आहेत. सहलीला आपण जातो, चैत्यगृहात वंदना घेतो, फोटो काढतो आणि परततो. पुढच्या वेळी खांबांवरचे लेख पाहा. दोन हजार वर्षांपूर्वी कोणी खांब दिला, कोणी दार करून दिले, हे तेथे कोरले आहे. धेनुकाकट गावचे लोक, त्यांत यवन आहेत, सुगंधी द्रव्ये विकणारा आहे, सुतार आहे. राजाने दान दिले त्याचीही नोंद आहे आणि सुताराचीही आहे, दोन्ही दगडात. त्या काळच्या शिल्पांत अनेक ठिकाणी खुद्द बुद्धांची मूर्ती नाही. स्तूप आहे, बोधिवृक्ष आहे, रिकामे आसन आहे. शास्त्याची प्रतिमा नाही आणि सुताराचे नाव आहे! आपल्याकडे आज बरोबर उलटे झाले आहे. प्रतिमा चौकाचौकांत आहेत आणि ज्यांनी विहाराच्या विटा वाहिल्या त्यांची नावे विहाराच्या पाटीवर सापडत नाहीत. पाटीवर उद्घाटकांचे नाव असते. हे मंडळातील कुणाला लागले तर त्यांनी आम्हांला क्षमा करावी, पण आम्ही सर्वच विहारांविषयी बोलत आहोत.

म्हणून मंडळापुढे एक काम ठेवतो. 1956 साली जो मुलगा दहा वर्षांचा होता तो आज ऐंशीच्या आसपास आहे. बापाच्या खांद्यावर बसून दादरला गेलेली, किंवा नागपूरला गेलेली, आपल्या तालुक्यात आणि पुण्या-मुंबईच्या नातेवाइकांत कुणी उरली असतील, त्यांना विहारात बोलवावे. मोठ्या पडद्यावर अंत्ययात्रेचे चित्रण लावावे आणि चेहरा आला की थांबवावे. घाई करू नये. म्हातारी माणसे आधी म्हणतील की आम्हांला काय कळते. मग कुणी म्हणेल, हा आमच्या चाळीतला दिसतो. कुणी म्हणेल, नाही रे, तो नव्हे. दोघांचेही लिहून घ्यावे. खात्री असेल तर खात्री आहे असे, नसेल तर अमक्याच्या सांगण्यावरून असे. माणूस ओळखू आला नाही तरी निराश होऊ नये. त्या दिवशी आपण कुठून निघालो, गाडीत तिकीट काढले का, रात्री कुठे झोपलो, पांढरे लुगडे कुणाकडून आणले, हे चित्र पाहताना आठवते ते एरवी विचारून आठवत नाही.

विद्यार्थ्यांनी लिहिण्याचे काम करावे. एक जाड वही पुरे, दोन रकाने आखलेली, एकात चित्रणातील वेळ मिनिट-सेकंदासह आणि दुसऱ्यात सांगणाऱ्याचे शब्द, जसेच्या तसे, आपल्या शुद्धलेखनात न बसवता. सांगणाऱ्याची परवानगी घ्यावी, आणि त्याला नको असेल ते वहीत घालू नये. कॅसेटी ज्यांच्या घरी आहेत त्यांनी पुसण्याचा, उन्हात ठेवण्याचा प्रयोग करू नये, आहेत तशा आणाव्यात. त्या संगणकावर उतरवून देणारे कारागीर पुण्यात आहेत, खर्चाचे मंडळाने पाहावे, आम्हीही आमच्या परीने वाटा उचलू. पहिली बैठक पावसाळा सरल्यावर एखाद्या रविवारी दुपारी ठेवावी, कारण खोऱ्यातून येणाऱ्या वृद्धांना संध्याकाळच्या शेवटच्या एस.टी.ने परतायचे असते.

जय भीम.